सिनेमातल्या बाईचे केस: नेहमी विचारले जाणारे प्रश्न

मी पुण्यात नाटक-सिनेमासाठी केशभूषा करते, वीस वर्षं होऊन गेली आता. महिन्यातून एकदा कोथरूडला एका मैत्रिणीच्या हॉलमध्ये आम्ही दहा-बाराजणी (आणि दोन-तीन काका) जमतो, सिनेमातले सीन थांबवून थांबवून बघतो, आणि दर वेळी कुणीतरी नवीन येतं आणि फिरून फिरून तेच प्रश्न येतात. म्हणून एकदाचं लिहून ठेवलंय.

केसांमध्ये एवढं बघण्यासारखं काय आहे?

साडी बदलता येते, मेकअप पुसता येतो, पण केस अंगाचेच असतात आणि तरीही कापले तर दुखत नाही, पुन्हा वाढतात. म्हणजे अंगाचा हा एकच भाग असा की ज्यावर दुसऱ्याला हुकूम चालवता येतो आणि रक्त दिसत नाही. बाईचे केस कसे असावेत याचे नियम म्हणूनच तर घराघरात आहेत ना. तिन्हीसांजेला विंचरू नकोस, मोकळे सोडून दारात उभी राहू नकोस, गळलेले केस इकडेतिकडे टाकू नकोस. आपली भाषासुद्धा बघा, विश्वासघात झाला की केसाने गळा कापला म्हणतो, कुणाला जपायचं असलं की केसालाही धक्का लागू देणार नाही म्हणतो, आणि भांडण पेटलं की झिंज्या उपटतो.

माझी आजी मला दोन्ही गुडघ्यांमध्ये धरून बसवायची आणि तेल थापून अशी करकचून वेणी घालायची की डोळे कानाकडे ओढले जायचे. मी कुरकुरले की म्हणायची, सैल वेणीची पोर सैल वळणाची. मी सात वर्षांची होते, वळण म्हणजे काय ते कळायचं नाही, पण माझे केस घट्ट असण्याशी आजीची काहीतरी इज्जत बांधलेली आहे एवढं मात्र तेव्हाच कळलं होतं.

म्हणून मी नव्याने येणाऱ्या सगळ्यांना एकच गोष्ट बघायला सांगते. केस कसे दिसतायत ते नंतर, आधी बघा की केसांना हात कुणाचा लागतोय. विंचरतंय कोण, बांधतंय कोण, सोडतंय कोण, कापतंय कोण. निम्मा सिनेमा तिथेच कळतो.

मोकळे केस म्हणजे बाई स्वैर आहे असंच दाखवायचं असतं का?

नाही हो, हा सगळ्यात मोठा गैरसमज. आपल्याकडे मोकळ्या केसांचे किमान पाच अर्थ आहेत. न्हाऊन आलेली बाई, शृंगार, शोक, अंगात आलेलं, आणि संताप. माणूस गेल्यावर रडणारी बाईही केस मोकळेच सोडते, देवीसमोर घुमणारी बाईही, आणि कालीमातेचे केस तर कुठल्याच चित्रात बांधलेले नसतात. मग कुठला अर्थ लावायचा हे कशावर ठरतं, तर केस सुटले कसे त्यावर. तिने स्वतः आकडा काढून सोडले, वाऱ्याने सुटले, घुमता घुमता सुटले की कुणी ओढून सोडले, हे चारही सीन वेगवेगळे आहेत, शेवटी पडद्यावर दिसणारे केस अगदी सारखेच असले तरी.

'मणिचित्रताळु' या १९९३ च्या मल्याळम सिनेमात शोभनाचं पात्र गंगा, जणू अंगात आल्यासारखी, मारल्या गेलेल्या नागवल्ली नावाच्या नाचणारीचं रूप घेते तेव्हा तिचे केस सुटतात. दिवसाची नीटनेटकी गंगा आणि रात्रीची नागवल्ली, बाई एकच. त्या केसांमध्ये नाचणारीचा शृंगार आहे, मारलेल्या बाईचा संताप आहे आणि अंगात आलेल्या बाईचं वेडही आहे, तीनही अर्थ एकाच वेळी, आणि म्हणूनच तो नाच बघताना भीती वाटते आणि नजरही हलत नाही.

हे सगळं द्रौपदीपासून आलंय ना?

बरंचसं, हो. भर सभेत दुःशासन तिला केसांना धरून ओढत आणतो, म्हणजे अपमानाची सुरुवात वस्त्राच्या आधी केसांपासून होते, हे आपण विसरतो. मूळ महाभारतात उद्योगपर्वात, पांडव तहाची भाषा करायला लागतात तेव्हा ती आपले केस हातात धरून कृष्णाला दाखवते, तह करायला निघाल्यावर हे आठव म्हणून. दुःशासनाच्या रक्ताने माखल्याशिवाय वेणी नाही हा भाग भट्टनारायणाच्या 'वेणीसंहार' या संस्कृत नाटकामुळे आणि लोककथांमुळे जास्त पसरला, नाटकाचं नावच बघा. मग दूरदर्शनवर १९८८ ला महाभारत सुरू झालं आणि रूपा गांगुलींची मोकळ्या केसांची द्रौपदी रविवारी सकाळी प्रत्येक घरात आली, आमच्या वाड्यात तर टीव्ही एकच, पंचवीस माणसं, तो एपिसोड चालू असताना कुणीही बोललं नव्हतं.

पण मला त्यात महत्त्वाचं काय वाटतं सांगू का? ती केस *बांधायचं नाकारते*. एरवी मोकळे केस म्हणजे बाईचा तोल गेला असं समजतात, इथे मात्र ते हिशेब लक्षात ठेवायचं साधन होतं. आपल्या सिनेमातली सूड घेणारी बाई शेवटच्या रीळात केस मोकळे सोडून येते ना, तिच्यामागे हीच उभी असते, दिग्दर्शकाने विचार केलेला असो वा नसो.

भुताच्या बाईचे केस नेहमी लांब आणि मोकळे का?

आपली हडळ तशी आहेच, पण जगभर जी लाट आली, चेहऱ्यावर केस ओढलेली पांढऱ्या कपड्यातली मुलगी, ती जपानी 'रिंग' (१९९८) मधल्या सादाकोची. जपानी काबुकी रंगभूमीवरही भूत झालेल्या बाईचे केस मोकळेच असायचे. चेहरा झाकला की ती कुणाचीच मुलगी राहत नाही, बायको राहत नाही, नुसता राग उरतो.

हिंदीत 'स्त्री' (२०१८) मला याबाबतीत आवडला कारण तिथे भुताची ताकद वेणीत आहे, तिला मारत नाहीत, वेणी कापतात. आणि शेवटी श्रद्धा कपूरचं पात्र ती वेणी स्वतःच्या केसांना जोडून घेतं. कापणारा हात पुरुषाचा, जोडून घेणारा बाईचा. पुन्हा तेच, हात बघा.

केशवपनावर सिनेमे आहेत का? बघवतात का?

आहेत, आणि बघायलाच हवेत, विशेषतः पुण्यातल्या लोकांनी. कारण हा प्रश्न आपल्या पेठांमधलाच होता.

आधी थोडा इतिहास सांगते. नवरा गेला की मुलीचं वय आठ असो वा अठ्ठावीस, डोकं भादरायचं, लाल आलवण नेसवायचं आणि तिने मागच्या खोलीत राहायचं. महात्मा फुल्यांनी याच पुण्यात १८६३ मध्ये बालहत्या प्रतिबंधक गृह काढलं ते अशाच विधवांसाठी. १८९० मध्ये नारायण मेघाजी लोखंडे यांच्या पुढाकाराने मुंबईत नाभिकांनी ठरवलं की विधवांच्या डोक्यावर वस्तरा चालवायचा नाही. मला तो प्रसंग कायम डोळ्यांसमोर येतो, कारण ज्यांच्या हातात वस्तरा होता त्यांनीच तो खाली ठेवला. मी याच धंद्यातली, त्यामुळे मला ते जास्त लागतं.

माझ्या आजीने तिची आत्या पाहिली होती केशवपन केलेली. आजी सांगायची, दर पंधरा-वीस दिवसांनी न्हावी मागच्या दाराने यायचा आणि आत्या आदल्या संध्याकाळपासून बोलणं बंद करायची. रडायची नाही, चिडायची नाही, फक्त बोलायची नाही. नंतर विहिरीवर डोक्यावरून पाणी घ्यायची आणि मग कामाला लागायची. आजी हे सांगताना स्वतःच्या पदराने स्वतःचं डोकं पुसायची, तिलाही ते कळत नसावं.

आता सिनेमे. गिरीश कासारवल्ली आपल्या लॉ कॉलेज रोडच्या फिल्म इन्स्टिट्यूटचे विद्यार्थी, त्यांचा पहिला सिनेमा 'घटश्राद्ध' (१९७७), कन्नड. विधवा यमुनेला दिवस जातात, मग बाप जिवंतपणी तिचं श्राद्ध घालतो. शेवटी ती डोकं भादरलेल्या अवस्थेत झाडाखाली बसलेली दिसते आणि तिच्यावर माया करणारा लहान मुलगा गावातून नेला जात असतो, तोच तिला बघतो. भाषा येत नसली तरी बघा.

दीपा मेहतांचा 'वॉटर' (२००५) आठ वर्षांच्या चुइयाच्या डोक्यावरचे केस काढण्यापासूनच जवळजवळ सुरू होतो. २००० साली वाराणसीत शूटिंग सुरू होतं तेव्हा शबाना आझमी आणि नंदिता दास यांनी त्यासाठी खरंच डोकं भादरलं होतं, विरोध झाला, शूटिंग बंद पडलं, आणि पुढे मुख्य कलाकार बदलून सिनेमा श्रीलंकेत झाला. त्यातली कल्याणी नीट बघा. विधवांच्या आश्रमात सगळ्यांची डोकी भादरलेली आणि एकटीचे केस लांब. सुरुवातीला वाटतं हिचे लाड आहेत. मग कळतं की आश्रमाचा खर्च चालावा म्हणून तिला रात्री नदीपलीकडे पाठवतात, तिचे केस गिऱ्हाइकासाठी राखलेत. आणि ती लग्न करते म्हणाल्याबरोबर तेच केस कापले जातात. केस ठेवले तेही दुसऱ्याने, काढले तेही दुसऱ्याने. ज्यांना वाटतं की लांब केस म्हणजे मान आणि भादरलेलं डोकं म्हणजे अपमान, त्यांनी हा सिनेमा बघून मग बोलू.

जटेबद्दल सिनेमा आहे का मराठीत?

'जोगवा' (२००९), दिग्दर्शक राजीव पाटील. मुक्ता बर्वेच्या सुलीच्या केसात जट होते आणि घरचे-गावचे ठरवतात की देवीचं बोलावणं आलं, मग तिला यल्लम्माला सोडतात. जट म्हणजे केसांचा गुंता, नीट न धुतल्या-विंचरल्याने तेल, घाम, मळ बसून चिकटत जातो, बाकी काही नाही. पण कापली तर घरावर कोप होईल या भीतीने बायका किलो किलो वजन मानेवर घेऊन जगतात, मान दुखते, कूस बदलता येत नाही. पुण्यात अंनिसचे (अंधश्रद्धा निर्मूलन समितीचे) कार्यकर्ते आजही समजावून समजावून जटा सोडवतात. एकदा मी मदतीला गेले होते. कात्री नुसती चालत नाही, आधी बोटांनी चाचपून कातडीची कड शोधावी लागते. दोन तास लागले. जट निघाल्यावर त्या मावशींनी पहिल्यांदा काय केलं तर मान डावीकडे वळवली, उजवीकडे वळवली, पुन्हा डावीकडे वळवली.

केस कापणं म्हणजे मुक्ती असं सिनेमात नेहमी असतं का?

कधी असतं, कधी अगदी उलट. 'रोमन हॉलिडे' (१९५३) मध्ये राजकन्या रस्त्यावरच्या सलूनमध्ये शिरून लांब केस कापून घेते, तो न्हावी दर वेळी विचारतो इतके? आणि ती सांगते, अजून वर. तिने स्वतः घेतलेला तो पहिला निर्णय असावा असंच वाटतं बघताना. ऑड्री हेपबर्नच्याच कपाळावरच्या बटा बघून १९६० च्या 'लव्ह इन सिमला' साठी साधनाचा साधना कट आला, तिचं कपाळ रुंद दिसतं म्हणून, आणि मग देशभर मुलींनी आरशासमोर उभं राहून घरच्या कात्रीने तो केला. माझ्या आईने केला होता, आजी दोन दिवस जेवली नव्हती.

उलट उदाहरण म्हणजे 'कुछ कुछ होता है' (१९९८). बॉयकट असताना अंजली बास्केटबॉलमध्ये हिरोला हरवते, दणक्यात हसते, त्याची पक्की मैत्रीण असते. त्याला ती बाई म्हणून दिसते कधी, तर केस लांब झाल्यावर आणि साडी नेसल्यावर. आमच्या शाळेतल्या सगळ्या बॉयकटवाल्या मुलींनी त्या वर्षी केस वाढवले. गाणी आवडतात मलाही, पण त्या सिनेमाने आमच्या वयाच्या मुलींना जे शिकवलं त्याचा मला अजून राग आहे.

पुरुषाने बाईचे केस घडवण्यावर एखादा सिनेमा सुचवा.

हिचकॉकचा 'व्हर्टिगो' (१९५८). नायकाची प्रेयसी मेली असं त्याला वाटतं, मग तिच्यासारखी दिसणारी ज्युडी भेटते आणि तो तिला त्या मेलेल्या बाईत बदलायला लागतो. कपडे, बूट, मग केसांचा रंग. ती सोनेरी केस करून येते पण मोकळे ठेवते, आणि त्याला तेवढ्यानेही चालत नाही, अंबाडा हवा, तोच, मागे वळणदार गाठ पडलेला. ती एक क्षण अडते. तिच्या हातात उरलेली शेवटची गोष्ट तीच असते. मग आत जाते आणि अंबाडा घालून बाहेर येते. तो सीन मी पन्नास वेळा तरी पाहिला असेल. त्या अंबाड्याला किती आकडे लागले असतील ते मला मोजता येतं, तिने ते एकटीने आरशात बघत खोचले, आणि तरीही तो हात तिचा नव्हता.

इराणी सिनेमात बायका घरातही स्कार्फ का घालतात?

१९७९ च्या क्रांतीनंतर तिथे पडद्यावर बाईचे केस दाखवायला बंदी आली, आणि पडद्यावर म्हणजे घरातल्या सीनमध्येही, जिथे खऱ्या आयुष्यात कुणी डोकं झाकत नाही तिथेही. मग दिग्दर्शक काय करतात? कियारोस्तामींच्या 'टेन' (२००२) मध्ये गाडीत बसलेली एक मुलगी, जिचं ठरत आलेलं लग्न मोडलंय, ती हळूच स्कार्फ मागे सरकवते आणि दिसतं की तिने डोकं भादरलंय. केस दाखवायला बंदी, आणि दाखवायला केसच नाहीत. रडता रडता हसते ती. भादरलेलं डोकं आपल्या आत्याबाईंचंही आणि हिचंही, पण हिने वस्तरा स्वतः फिरवून घेतलाय.

यावर एकदा आमच्यात कडाक्याचं भांडण झालं, एकजण म्हणाली पुण्यातल्या मुली पण स्कूटरवर डोळे सोडून सगळं बांधतात की. बांधतात, धुळीसाठी, उन्हासाठी, कधी घरच्यांनी ओळखू नये म्हणून, आणि गाडी स्टँडला लावली की सोडून डिकीत टाकतात. सोडता येतो हाच फरक आहे आणि तो लहान नाही.

गजऱ्याचा अर्थ?

कुणी माळला त्यावर आहे. स्वतः मंडईतून आणून माळला तर सण, नवऱ्याने आणला तर संसार, लावणीच्या फडावर अंबाड्याभोवती गुंडाळला तर पोट. सकाळच्या सीनमध्ये चुरगळलेला गजरा दाखवून रात्र सांगणं आता जुनं झालं, मी दिग्दर्शकांना नको म्हणते.

सगळ्यात जुन्या सिनेमात बायकांचे केस कसे होते?

बायकाच नव्हत्या! 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) मध्ये तारामती झाले अण्णा साळुंके, आणि फाळक्यांना बाईची कामं करणाऱ्या पुरुषांना मिशा काढायला राजी करताना नाकी नऊ आले, कारण बाप गेल्याशिवाय मिशी काढायची नाही अशी समजूत. १९१७ च्या 'लंका दहन' मध्ये याच साळुंक्यांनी राम आणि सीता दोघंही केले. मराठी रंगभूमीवर बालगंधर्व होतेच, ज्यांच्या साड्या आणि केशरचना बघून घरंदाज बायका तशीच वेणीफणी करायच्या. म्हणजे बाईने केस कसे बांधावेत हे एका पुरुषाच्या टोपावरून ठरत होतं. मी बालगंधर्व रंगमंदिरात विंगेत पिना लावत उभी असते तेव्हा हे आठवतं.

हिरॉइनचे केस चमकतात कसे?

मागून दिवा. काळे केस गडद पार्श्वभूमीवर विरघळून जातात, ब्लॅक अँड व्हाइटमध्ये तर फारच, म्हणून पाठीमागून उंचावर एक लाइट मारतात आणि केसांची कड उजळते. ओले दाखवायचे तर पाण्यात ग्लिसरीन, नुसतं पाणी दिव्याखाली पाच मिनिटांत सुकतं. लांबी कमी पडली तर गंगावन, मी अजूनही तुळशीबागेतूनच आणते, उन्हात नेऊन शेड जुळवून.

सिनेमात केस खरंच कापतात का?

बहुतेक वेळा टोप असतो किंवा बाल्ड कॅप, म्हणजे टक्कल दाखवणारी टोपी. पण कधी खरंच कापतात. १९२८ च्या 'द पॅशन ऑफ जोन ऑफ आर्क' मध्ये फाल्कोनेटीचे केस कॅमेऱ्यासमोर खरे कापलेत, आवाज नसलेला सिनेमा आहे आणि तरी कात्री ऐकू येते मला. असा शॉट एकदाच मिळतो, रीटेक नाही, म्हणून तो शक्यतो शेवटच्या दिवशी ठेवतात.

माझ्या बाबतीत एकदा असं झालं. सिनेमाचं नाव नाही सांगत. नवीन मुलगी, कमरेपर्यंत केस, तिला सांगितलं होतं टोप वापरू. शूटच्या सकाळी कळलं की टोपाचे पैसे दुसरीकडे गेले आणि आता खरेच कापायचे. सत्तर माणसं थांबलेली, लाइट लागलेले, आणि सगळे तिच्याकडे न बघता माझ्याकडे बघत होते. ती म्हणाली, ताई, एक मिनिट आईला फोन करू? कुणीतरी म्हणालं, शॉटनंतर कर. आणि मी कात्री चालवली. मी नाही म्हणायला हवं होतं, म्हटलं नाही, कारण मला पुढचं काम हवं होतं. शॉट अप्रतिम झाला, लोक अजून कौतुक करतात.

तेव्हापासून काम घेतानाच माझी अट असते, केसांना खरी कात्री लागणार असेल तर आठ दिवस आधी त्या मुलीच्या सहीने लेखी. दोन कामं गेली त्यापायी. आणि कापायच्या आधी मी वेणी घालून दोन्ही टोकांना रबर लावते, म्हणजे केस जमिनीवर पडत नाहीत, अख्खी वेणी हातात येते. ती मी तिला देते, मग ती कॅन्सरच्या पेशंटसाठी दान करो, घरी ठेवो, नदीत सोडो. त्या पहिल्या मुलीचे केस मात्र सेटवरच्या माणसाने खराट्याने लोटून नेले होते.